खंजिरावरचं कुंकू

तो तांदळाचा दाणा आजही आठवला की हातातला चहाचा कप तसाच राहतो. साधा कच्चा दाणा, कुंकवाने माखलेला. पोलीस खात्यात माझी उमेदीची सगळी वर्षं गेली. खून पाहिले, दरोडे पाहिले, पोटच्या पोरांनी बापाला विहिरीत ढकललेलं पाहिलं. पण ज्या प्रकरणाने मी मुळापासून हादरलो, ते माझ्या नोकरीतलं नाही. त्याची नोंद कुठल्याच स्टेशन डायरीत सापडणार नाही, कारण ते घडलं कुवेतमध्ये आणि तेव्हा माझ्या अंगावर खाकी नव्हती, जावयाने आणलेला निळा ट्रॅकसूट होता. माणसांची नावं देणार नाही. त्यातली बरीच अजून हयात आहेत, आणि जो हयात नाही त्याचं नाव घ्यायची माझी इच्छा नाही.

दिवाळी आटोपून आम्ही नवरा-बायको मुलीकडे गेलो होतो. मुलगी तिथल्या एका रुग्णालयात स्पीच थेरपिस्ट आहे. पक्षाघाताने ज्यांची वाचा जाते, त्यांना पुन्हा बोलतं करायचं हे तिचं काम. मी तिला म्हणायचो, बापलेकीचा धंदा एकच, मीसुद्धा जन्मभर न बोलणाऱ्यांना बोलतं केलं. तिला हा विनोद अजिबात आवडत नसे. जावई मीना अब्दुल्ला या किनाऱ्यालगतच्या गावातल्या रिफायनरीत. दोघं सकाळी कामावर गेली की मी बाल्कनीतून पार्किंगवर नजर ठेवून बसायचो. निवृत्त पोलिसाला दुसरं काय काम असणार?

एका संध्याकाळी जेवताना मुलगी म्हणाली, "आप्पा, माणूस खरं बोलतोय की खोटं, हे तुम्हाला नक्की कळतं का?" मी म्हटलं, नक्की कुणालाच कळत नाही, पण माणूस समोर आण.

तिच्या वॉर्डात एक जर्मन म्हातारा होता. तरुणपणी इंजिनिअर म्हणून तेलाच्या कामावर आला आणि कुवेतचाच झाला. त्याची मुलगी एका कुवेती गृहस्थाला दिलेली. दक्षिणेला वफ्रा भागात त्या कुवेती जावयाची शेती आहे, हरितगृहं आणि खजुराची झाडं, तिथल्याच बंगलीत म्हातारा राहायचा. दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी त्याला झटका आला. उजवं अंग गेलं, वाचा गेली. त्याची सेवा करायला कितीतरी वर्षं एक माणूस होता, आपल्या कुडाळकडचा, पन्नाशीच्या पुढचा. सगळे त्याला भाऊ म्हणत, मीही इथे तेच म्हणतो. महिनाभर हा भाऊ वॉर्डातल्या खुर्चीत बसून झोपत होता. आणि आता त्याच्यावरच चोरीचा आळ आला होता.

म्हाताऱ्याचे वडील दुसऱ्या महायुद्धात जर्मन सैन्यात जनरल होते. त्यांचा समारंभी खंजीर बंगलीत एका पेटीत असे. म्हाताऱ्याचे कपडे न्यायला मॅडम, म्हणजे म्हाताऱ्याची मुलगी, वफ्राला गेल्या तेव्हा पेटी रिकामी. चौकशी केली तर शेतावरच्या भाजीच्या पिकअपच्या ड्रायव्हरने खबर दिली की दसऱ्याच्या दुपारी भाऊ कापडात काहीतरी गुंडाळून गाडीत बसला होता आणि मीना अब्दुल्लाच्या अलीकडे किनाऱ्यापाशी उतरला होता. परत आला तो मोकळ्या हाताने. मॅडमनी भाऊला शनिवारपर्यंत मुदत दिली होती. वस्तू आली नाही तर रविवारी मखफरमध्ये, म्हणजे पोलीस ठाण्यात, फिर्याद. त्यातून दुसराही संशय डोकं वर काढत होता. चोरी म्हाताऱ्याच्या लक्षात आली असेल, झटापट झाली असेल, त्यातूनच झटका आला असेल.

खबर भक्कम होती. संशयित वस्तूसह दिसला, कुठे उतरला ते माहीत, परत रिकामा आला. माझ्या ठाण्यातल्या कुठल्याही हवालदाराने त्याला तासाभरात आत बसवलं असतं, मीही बसवला असता.

दुसऱ्या दिवशी मुलीबरोबर रुग्णालयात गेलो. भाऊ बागेतल्या बाकावर बसला होता. काटक माणूस, हातावर म्हाताऱ्याला उचलून उचलून पडलेले घट्टे. मी सिंधुदुर्गात काही वर्षं काढलेली, त्यामुळे त्याची भाषा मला परकी नव्हती. मी त्याला आधीच सांगितलं, मला इथे कसलाही अधिकार नाही, तू उठून गेलास तरी मी काही करू शकत नाही. तो गेला नाही. एवढंच म्हणाला, "साहेबांनू, मी चोरी करूक नाय. पण वस्त खंय गेली, ता माका सांगूक जमाचां नाय."

आणि गप्प. खोटं बोलणारा माणूस भरपूर बोलतो, हा माझा अनुभव. न विचारलेलं सांगतो, देवाच्या शपथा घेतो, मध्येच रडतो. हा गडी एक वाक्य बोलून जमिनीकडे बघत राहिला. मी त्याला भीती घालून पाहिली, सबुरीने विचारून पाहिलं. एकदाच जरा हलला. मी म्हटलं, तुझ्या शब्दावर वाडीतली किती पोरं इथे कामाला लागली आहेत, तू चोर ठरलास तर त्यांना उद्या कोण दारात उभं करील? त्याचे डोळे भरून आले, पण तोंड उघडलं नाही. गुन्हेगार असा गप्प बसत नाही. कुणाला तरी पाठीशी घालणारा माणूस असा गप्प बसतो.

शुक्रवारी सुट्टी होती. मुलीने मॅडमना विनंती केली की माझे वडील पोलीस अधिकारी होते, त्यांना जागा पाहू द्या. त्या हो म्हणाल्या याचंच मला आश्चर्य वाटलं. आम्ही वफ्राला गेलो. मॅडम दारातच उभ्या होत्या. साठीच्या आसपासच्या, ताठ, बोलणं मोजकं. इंग्रजीत म्हणाल्या, "मला शिक्षा नको आहे. मला ती वस्तू परत हवी आहे. ती दुसऱ्या कुणाच्या हाती पडता कामा नये." हे शेवटचं वाक्य मी डोक्यात ठेवलं. वस्तू गेलेला माणूस आधी वस्तू गेल्याचं सांगतो. ती कुणाच्या हाती पडेल याची काळजी पहिल्याच बोलण्यात येत नाही.

खोलीत भिंतीवर जनरलचा फोटो होता. उंच कॉलर, छातीवर पदकं, ओठ घट्ट मिटलेले. खरं सांगतो, तो फोटो बघून माझी पाठ आपोआप ताठ झाली. आयुष्य सलाम ठोकण्यात गेलेलं, वरिष्ठ दिसला की अंगच उभं राहतं. फोटोखालच्या कपाटात ती पेटी होती. आत काळं मखमल, त्यात खंजिराच्या आकाराचा खळगा. मी चष्मा लावून वाकलो. खळग्याच्या कडेला मखमलीवर पिवळसर डाग होता, आणि मुठीच्या बाजूच्या खाचेत तो दाणा अडकलेला.

मॅडमना वाटलं, नोकराचं जेवण सांडलं असेल. कुवेतमध्ये भात काय, घरोघर. पण हा दाणा शिजलेला नव्हता आणि त्याला कुंकू लागलेलं होतं. मला मात्र तिथल्या तिथे सगळं उमगलं.

ज्यांनी पोलीस ठाण्यातला दसरा पाहिला नाही त्यांच्यासाठी सांगतो. त्या दिवशी शस्त्रागार उघडतं. रायफली, पिस्तुलं टेबलावर पांढऱ्या चादरीवर मांडतात. ठाणे अंमलदार झेंडूच्या माळा घेऊन येतो, कुणीतरी घरून हळदीकुंकवाची वाटी आणतो, साहेब पूजा करतात, पेढे वाटतात. आणि दुसऱ्या दिवशी आमचा आर्मरर, म्हणजे शस्त्रं सांभाळणारा, दिवसभर शिव्या देत बसतो. कारण ओलं कुंकू लोखंडाला गंज चढवतं, हळद खाचेतून निघत नाही, आणि अक्षता, त्या तर बोल्टमध्ये घुसून बसतात. मी इन्स्पेक्टर असताना पुढच्या उन्हाळ्यातल्या गोळीबाराच्या सरावाला रायफलीतून दाणे पडलेले पाहिलेत.

भाऊने त्या खंजिराची पूजा केली होती. त्या घरातल्या कुणाला, तिथल्या कुठल्याही पोलिसाला हे कधी कळलं नसतं. मला वाटलं, उलगडा झाला. पूजेत वस्तू खराब झाली असेल, गंज चढला असेल, हा घाबरला असेल आणि फेकून मोकळा झाला असेल. किती लहानसं प्रकरण! परतताना मी गाडीत शीळ घातल्याचं मला आठवतं.

संध्याकाळी त्याच बाकावर मी भाऊला एवढंच विचारलं, "दसऱ्याला पूजा मांडलीस ना?" त्याने झटकन वर पाहिलं. मग म्हणाला, "शपथ बाबांच्या चेडवाक सांगाचां नाय, अशी आसा. रवळनाथाची घेतलंय. तुमी काय तेंचां चेडू न्हंय."

चेडू म्हणजे मुलगी, आणि बाबा म्हणजे तो जर्मन म्हातारा. मी खरंच त्या म्हाताऱ्याची मुलगी नव्हतो. असा कायदेशीर मुद्दा मी भल्याभल्या वकिलांकडून ऐकला नव्हता, पण हसायला मला पुढे वेळ मिळाला नाही.

दसऱ्याच्या सकाळी भाऊने आपल्या हत्यारांची पूजा मांडली होती. रक्तदाबाचं यंत्र, कात्री, नखं काढायचं, चाकाची खुर्ची. गावाकडे कोयते-पारया पुजतात, इथे हीच त्याची हत्यारं. तेव्हा त्याच्या मनात आलं, घरात खरं शस्त्र आहे, तेही बाबांच्या वडिलांचं, मोठ्या सेनापतीचं. ते बिनपूजेचं राहिलं तर बरं दिसत नाही. त्याने खंजीर काढला, पुसला, पात्यावर हळदकुंकू लावलं, हरितगृहातून आणलेलं झेंडूचं फूल ठेवलं, पेटीतच अक्षता वाहिल्या. बाबा खूश होतील म्हणून त्यांना खुर्चीवर बसवून समोर आणलं.

म्हातारा बघतच राहिला. मग चादरीचं टोक धरून ते लाल पुसायला लागला. ओलं कुंकू, ते आणखीच पसरलं. पातं दोन्ही अंगांनी लाल झालं आणि म्हाताऱ्याची बोटंही. आणि तो माणूस, ज्याला भाऊने कधी रडताना पाहिलं नव्हतं, लहान मुलासारखा हुंदके देऊ लागला. मग तो दुपारपर्यंत बोलत होता. आखातात सगळे बोलतात तसल्या मोडक्या हिंदीत. भाऊला जर्मनी कुठे आहे हेही धड माहीत नव्हतं. कदाचित म्हणूनच त्याला सांगता आलं असेल.

आता मी जे लिहितो आहे ते एका जर्मन जनरलचं आयुष्य आहे. ते मी रुग्णालयाच्या बागेत, मालवणीतून ऐकलं.

हा माणूस पोरसवदा वयात सैनिकी शाळेत गेला. पहिल्या महायुद्धात खंदकात लढला, गुडघ्यात गोळी घेतली. पराभवानंतर जे थोडे अधिकारी सैन्यात ठेवले त्यात तो होता. घोडेस्वारीत बक्षिसं, धर्मगुरूच्या मुलीशी लग्न, शिस्तीला कडक, दारूला शिवत नसे. नवी राजवट आली, सैन्य फुगलं, तसा हाही भराभर वर चढला. पुढच्या युद्धात पूर्वेच्या आघाडीवर एक अख्खी डिव्हिजन त्याच्या हाताखाली. गोठलेल्या नदीवरचा पूल त्याने दिवसचे दिवस राखला, त्याबद्दल गळ्यात क्रॉसचं पदक पडलं. इथपर्यंत ऐकताना माझ्या मनात त्या फोटोबद्दल आदरच होता.

मग त्या भागात बंडखोरांनी रेल्वेमार्ग उडवला. जनरलने हुकूम काढला की मार्गाच्या आसपासची गावं रिकामी करा. रिकामी म्हणजे काय, ते त्याच्या माणसांना माहीत होतं. पुरुषांना गावाबाहेर नेऊन गोळ्या घातल्या. बायका, पोरं, म्हातारी माणसं धान्याच्या कोठारांत कोंडली आणि कोठारं पेटवून दिली. जनरल तिथे गेलाच नाही. सकाळचा नाश्ता झाल्यावर त्याने कागद वाचला, एक शब्द दुरुस्त केला आणि सही केली.

भाऊ म्हणाला, "बाबा सांगी होते, माझ्या बापाशीन हातान कोणाक मारूक नाय. फकस्त सही केल्यान."

मी नोकरीत खुनी जवळून पाहिले आहेत. कोठडीत त्यांना भूक लागत नाही, झोप येत नाही, निदान पहिले काही दिवस तरी. नाश्ता करून सही करणारा माणूस मी कधी पाहिला नव्हता. माझ्या हाताला घाम आला होता. मी पॅन्टला पुसला, तरी पुन्हा आला.

पुढचं ऐकून तर माझी मतीच गुंग झाली. युद्ध हरत आलं तेव्हा त्याने रशियनांच्या हाती सापडू नये म्हणून सगळं बळ लावून पश्चिम गाठली आणि इंग्रजांना शरण गेला. खटला झाला. तिथे तो म्हणाला, हुकूम लष्करी गरजेपोटी होता, अंमलबजावणी खालच्यांनी केली. मोठी शिक्षा लागली, पण काही वर्षांतच प्रकृतीच्या कारणावरून सुटका झाली. आणि प्रकृती बिघडलेला हा माणूस पुढे दोन तपं रोज सकाळी फिरायला जात होता. पेन्शन चालू झालं. नवीन सैन्य उभं राहिलं तेव्हा त्याचा सल्ला घ्यायला गाड्या दारात आल्या. जुन्या सैनिकांच्या मेळाव्यात तो व्याख्यानं द्यायचा, परसात सफरचंदाची कलमं करायचा. मेला तेव्हा बँड होता, उशीवर पदकं होती, नगराध्यक्षांचं भाषण होतं.

मी भाऊला विचारलं, पण तो खंजीर? तो कुठे आला यात?

तो समारंभाचा खंजीर. नुसता कमरेला लटकवायचा. जनरल तुरुंगातून आल्यावर दर वाढदिवसाला आपल्या मुलाला, म्हणजे आता वॉर्डात पडलेल्या या म्हाताऱ्याला, समोर बसवून तो तेलाने पुसायला लावायचा. आणि म्हणायचा, बघ, तुझ्या बापाच्या पात्याला कधी रक्त लागलं नाही. पोराला केवढा अभिमान. पुढे इंजिनिअरिंग शिकत असताना कोठारांची गोष्ट त्याच्या कानावर आली. त्याने घरी येऊन बापाला सरळ विचारलं. बापाने उत्तर दिलं नाही. कपाटातून खंजीर काढून मुलापुढे धरला आणि विचारलं, "कुठे आहे डाग?"

मुलगा त्यानंतर त्या घरात राहिला नाही. दूर जायचं म्हणून कुवेत गाठलं. बाप मेल्यावर मृत्युपत्राप्रमाणे खंजीर त्याच्याकडे आला. तो टाकवेना, विकवेना. आणि सगळ्यात भयंकर म्हणजे, दर वर्षी बापाच्या वाढदिवसाला त्याचा हात आपोआप तेलाच्या फडक्याकडे जायचा. सारा जन्म असा गेला. आणि त्या दसऱ्याला एका भल्या माणसाने प्रेमाने पूजा मांडली आणि तो डाग पहिल्यांदा त्याच्या डोळ्यांना दिसला.

म्हातारा भाऊला म्हणाला, हे कचऱ्यात टाक. मुलीला सांगू नको, ती आजोबांना देव मानते, वर्षानुवर्षं स्वतः ते कपाट पुसते, तिला हे कळलं तर ती मोडून पडेल. भाऊने शपथ घेतली. पण कचऱ्याला तो तयार होईना. मला म्हणाला, "पुजलेली वस्त कचऱ्यात कशी टाकतलंय?" म्हणून कापडात बांधून पिकअपमधून किनाऱ्यावर गेला आणि कमरेइतक्या पाण्यात जाऊन विसर्जन केलं. दुसऱ्या दिवशी सकाळी म्हाताऱ्याला उठवायला गेला तर वाचा गेलेली.

त्या दिवशी घरी आल्यावर माझ्याने जेववलं नाही. पण जबाब ऐकून हेलावणं वेगळं आणि पडताळणी वेगळी. मुलीला म्हटलं, त्या जनरलचं नाव शोध. तिने फोनवर शोधून वाचून दाखवलं. जन्म, हुद्दे, पदकांची लांबलचक यादी, शिक्षा, सुटका, मृत्यू. त्या गावांसाठी एकच ओळ. भाऊने सांगितलेलं सगळं जुळत होतं. मुलगी वाचता वाचता थांबली आणि माझ्या बायकोने नुसतं विचारलं, "पोरंसुद्धा?"

आता प्रश्न भाऊचा होता. तो मॅडमसमोर तोंड उघडणार नव्हता. मी उघडलं तर त्याची शपथ मोडल्यासारखंच होतं आणि त्या बाईच्या डोक्यावर मी कोण परका माणूस हे ओझं टाकणार? पण शपथ भाऊची होती, म्हाताऱ्याची नव्हती. आणि म्हाताऱ्याचा डावा हात शाबूत होता. हो असेल तर हात दाबायचा, नसेल तर सैल सोडायचा, हे माझ्या मुलीने त्याला शिकवलं होतं.

शनिवारी दुपारी मॅडम वॉर्डात आल्या. भाऊ पलंगाच्या पायथ्याशी उभा. माझ्या मुलीने म्हाताऱ्याचा डावा हात मॅडमच्या हातात दिला, म्हणजे उत्तर थेट त्यांनाच कळावं. प्रश्न मी विचारायचे ठरले. साक्षीदार भानावर आहे की नाही हे आधी तपासायचं असतं, म्हणून मी विचारलं, हे मुंबई शहर आहे का? हात सैल. हे कुवेत आहे का? दाब. तुमच्यासमोर उभा असलेला माणूस तुमची सेवा करतो का? दाब, आणि मॅडम म्हणाल्या, जोरात.

मग मी विचारलं, "खंजीर याने चोरला का?"

हात सैल.

"तो टाकून द्यायला तुम्ही सांगितलं का?"

मॅडमनी हाताकडे पाहिलं, वडिलांकडे पाहिलं. दाब इतका होता की त्यांच्या बोटांची टोकं पांढरी पडली. भाऊची सुटका झाली होती. माझ्या दृष्टीने तपास तिथे संपला, मी मागे सरलो. मॅडमनी हळूच विचारलं, का? भाऊ जमिनीकडे बघत होता. मी खिडकीकडे. का या प्रश्नाला दाबून उत्तर देता येत नाही.

मग त्या वडिलांवर वाकल्या आणि जर्मनमध्ये काहीतरी म्हणाल्या. म्हाताऱ्याचे डोळे विस्फारले. असे भेदरलेले डोळे मी आरोपीच्या पिंजऱ्यातही पाहिले नव्हते. त्या आमच्याकडे वळल्या आणि आम्हाला कळावं म्हणून इंग्रजीत म्हणाल्या, "मी विचारलं, त्या कोठारांमुळे का?"

त्यांना माहीत होतं. कॉलेजात असल्यापासून. आजोबांचं नाव त्यांना अभ्यासाच्या पुस्तकातच सापडलं होतं. वडिलांना माहीत नसेल, कळलं तर ते मोडून पडतील, म्हणून या बाईने चकार शब्द काढला नाही. ती पेटी त्यांना डोळ्यासमोर नको असे, तरी बाबांना बरं वाटावं म्हणून वर्षानुवर्षं ते कपाट पुसत राहिल्या. आणि खंजीर नाहीसा झाल्यावर त्यांना एकच भीती, तो कुठेतरी विकायला येईल, त्यावर कोरलेलं आजोबांचं नाव निघेल आणि म्हाताऱ्या बापाला अखेरच्या दिवसांत सगळं कळेल.

मी जवळची खुर्ची ओढून बसलो. एकाच कपाटापुढे बाप लेकीपासून आणि लेक बापापासून तीच एक गोष्ट लपवत होती, आणि दोघं आलटून पालटून त्याच लोखंडाची निगा राखत होती. मेलेल्या माणसाची ताकद किती असावी! तुरुंगाने, न्यायालयाने, सरकारांनी ज्याचं काही वाकडं केलं नाही, तो थडग्यात पडून दोन पिढ्यांकडून पातं पुसून घेत होता.

म्हातारा रडत होता, अर्ध्या चेहऱ्यानेच. मॅडमनी हात सोडला नाही. थोड्या वेळाने त्या भाऊला म्हणाल्या, "कुठे आहे ते?" भाऊने माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली. "समंदर में," तो म्हणाला. त्यांनी डोळे मिटले आणि लांब श्वास सोडला. मग उठून त्याच्यासमोर आल्या आणि म्हणाल्या, माझी चूक झाली, तू जाऊ नकोस. एवढंच. भाऊने वाकून म्हाताऱ्याची घसरलेली उशी नीट केली.

या प्रकरणाने मला काय शिकवलं असं लोक विचारतात. मी जन्मभर हातावरचं रक्त शोधलं. पंचनाम्यात डाग लिहिले, कपडे तपासणीला पाठवले, हत्यारं जप्त केली. ज्याच्या हाताला डाग नाही त्याच्याकडे मी फारसं पाहिलंच नाही, कारण कायद्याने मला तेच शिकवलं होतं. आता पेपरात कुठल्याही युद्धाची बातमी वाचली की मी सैनिकांच्या फोटोकडे बघत नाही. स्वच्छ कपड्यातली, टेबलापाशी बसलेली माणसं शोधतो. त्यांनी नाश्ता केला असेल का, हा विचार मनात येतो. दसऱ्याची पूजा मी सोडलेली नाही, पण कुंकू लावताना आता हात थोडा थांबतो.

निघायच्या आदल्या दिवशी भाऊ मला भेटायला आला. रुग्णालयाबाहेरच्या टपरीवर आम्ही चहा घेतला. म्हातारा आता 'भा' एवढं अक्षर बोलू लागला होता, हे सांगताना तो खुलला होता. उठताना मला राहवलं नाही. विचारलं, विसर्जन करताना काही म्हणालास का रे? विसर्जन म्हटलं की आपल्याकडे काहीतरी म्हणायची रीत आहेच.

भाऊने कप खाली ठेवला. समुद्राच्या दिशेने पाहिलं.

"काय्येक नाय," तो म्हणाला. "गणपतीक सांगतंव तसां 'परत ये' म्हणान तेका सांगूक नाय."